‘अस्पर्शित’ डोंगरांची दंतकथा : हिंगोली, आंध आणि ‘आदिवासी मुक्काम’

थ्रेड. लांब आहे, सवडीने वाचावा.

डोंगरभटकंतीच्या जाहिरातींत एक शब्द हमखास भेटतो : ‘अस्पर्शित’. अस्पर्शित निसर्ग, अस्पर्शित गाव, अस्पर्शित संस्कृती. त्याच्या जोडीला काही ठरलेली वाक्ये असतात. इथे काळ थांबला आहे. इथली माणसे लाजाळू, पण निर्मळ. आदिवासी बांधवांच्या घरी एक रात्र, चुलीवरची भाकरी, शेकोटीभोवती नाच, पहाटे शिखर. दर माणशी अमुक रुपये, वाटाड्या समाविष्ट.

यातली भाकरी खरी आहे, शिखरही खरे आहे. इतिहास मात्र खोटा आहे, आणि तो निरुपद्रवी खोटा नाही. ‘खरा आदिवासी म्हणजे जगापासून तुटलेला, निराळा दिसणारा आणि बुजरा माणूस’ या कल्पनेवर ही जाहिरात उभी आहे. याच कल्पनेने कायद्यात, समित्यांच्या अहवालांत आणि जातपडताळणीच्या कचेऱ्यांत हजारो माणसांची वाट अडवली. हिंगोली जिल्हा हे त्याचे ठळक उदाहरण आहे. तिथे फारसे कोणी ट्रेकला जात नाही, म्हणूनच ते उदाहरण इथे घेतले आहे.

आधी ओळखीच्या वाटेवरून सुरुवात. कळसूबाई, रतनगड, हरिश्चंद्रगड या अकोले तालुक्यातील वाटांवर मुक्काम पडतो तो बहुतेक महादेव कोळ्यांच्या घरी. पिठले-भाकरी वाढणाऱ्या या समाजाविषयीचे पहिले मोठे इंग्रजी लेखन कॅप्टन अलेक्झांडर मॅकिंटॉश याचे, १८३० च्या दशकातले. कुळे, देवदेवता, लग्ने, मयताचे विधी असा सारा तपशील त्यात आहे. हा मॅकिंटॉश कोण? १८२८ ते १८३० या काळात रामजी भांगरे यांच्या बंडाचा बीमोड करण्यासाठी याच डोंगरांत सैन्य घेऊन फिरलेला अधिकारी. रामोशांवरचे त्याचे पुस्तक १८३३ चे, आणि त्याचीही पार्श्वभूमी तीच. ज्याचा पाठलाग करायचा त्याची कुळे आधी मोजून घ्यायची, ही त्या काळची पद्धत होती. रामजींचे पुत्र राघोजी भांगरे पुढे पंढरपुरात पकडले गेले आणि १८४८ मध्ये ठाण्याच्या तुरुंगात त्यांना फाशी झाली. त्यांचे गाव देवगाव याच अकोले तालुक्यात आहे.

म्हणजे या डोंगरांना दोनशे वर्षांपूर्वी फौजेचा स्पर्श झाला, मग महसूल खात्याचा, मग जंगलखात्याचा, मग भंडारदऱ्याच्या धरणाचा. ‘अस्पर्शित’ या शब्दाचा एवढाच अर्थ शिल्लक राहतो की जाहिरात लिहिणाऱ्याने यातले काही वाचलेले नाही.

आता हिंगोली. परभणी जिल्ह्याचे विभाजन होऊन १ मे १९९९ रोजी हा जिल्हा झाला. मराठवाडा म्हणजे सपाट, काळे, तहानलेले रान, असा पुण्या-मुंबईकडे समज आहे. प्रत्यक्षात पैनगंगेच्या काठाने सेनगाव, हिंगोली, कळमनुरी या तालुक्यांत, आणि दक्षिणेकडे औंढा नागनाथच्या परिसरात डोंगराळ माळ आहेत, सागाची विरळ राने आहेत, घाटवाटा आहेत. पैनगंगा ओलांडली की वाशीम आणि यवतमाळ. २०११ च्या जनगणनेत जिल्ह्याची लोकसंख्या पावणेबारा लाखांच्या आसपास होती आणि त्यात अनुसूचित जमातींचे प्रमाण साडेनऊ टक्क्यांच्या घरात होते. इथल्या आदिवासींत आंध ही प्रमुख जमात. तांड्यांवर बंजारा. आणि एके काळी या डोंगरांवर हुकूम चालत असे तो हटकर नाइकांचा.

हटकर आज धनगर समाजात मोजले जातात, आदिवासींत नव्हे. पण ‘डोंगरातले बंडखोर’ म्हणून कंपनी सरकारच्या कागदांत त्यांची जागा भिल्ल-कोळ्यांच्या शेजारीच होती. नोवसाजी नाईक हा त्यांचा शेवटचा मोठा पुढारी. पेशवाई संपल्यानंतरच्या पहिल्याच हिवाळ्यात, १८१९ च्या जानेवारीत, मेजर पिटमनच्या हाताखालच्या निजामी फौजेने त्याला गाठले. उमरखेडजवळ लढाई झाली. नंतर नोव्ह्याच्या गढीला वेढा पडला. आत अरबांची शिबंदी होती. गढी हल्ला करून घेतली गेली, नोवसाजीला हैदराबादला नेण्यात आले आणि तो तिथेच मरण पावला. ज्या पलटणींनी ही गढी घेतली त्यांच्या निशाणावर ‘नोव्हा’ हा रणसन्मान चढला. ब्रिटिश हिंदी सैन्यात हे नाव पुढे कित्येक वर्षे मिरवले गेले; मराठवाड्यातल्या शाळांत मात्र ते क्वचितच ऐकू येते.

ही फौज पुढे हैदराबाद कंटिन्जंट म्हणून ओळखली गेली आणि हिंगोली हे तिचे एक मोठे ठाणे झाले. छावणी आली म्हणजे बाजार आला, रसद आली, चाकरी आली. डोंगरातल्या गावांना साहेबाचा ‘मुक्काम’ म्हणजे काय, हे तेव्हापासून ठाऊक आहे. साहेब दौऱ्यावर निघाला की गावाने लाकूड, गवत, दूध, कोंबड्या, ओझ्याला माणसे आणि वाट दाखवायला माणूस पुरवायचा. मोबदला मिळालाच तर तो वाटेतल्या किती हातांना लागून पोहोचे, हे सांगायला नको. गावगाड्यात वाटसरूला पुढच्या शिवेपर्यंत सोडण्याचे काम महारांच्या वतनी कर्तव्यांत मोडत असे. रात्र असो, पाऊस असो. मराठीत त्या सगळ्याला ‘वेठ’ असा दोन अक्षरी शब्द आहे. आजच्या पत्रकातील ‘वाटाड्या समाविष्ट’ ही दोन शब्दांची ओळ वाचताना तो आठवायला हवा.

वाटाड्या हा इतिहासातला दुर्लक्षित माणूस आहे. त्याच्या मौनालाही अर्थ असतो. असईची लढाई घ्या. गाव मराठवाड्यातच, आजच्या जालना जिल्ह्यात. २३ सप्टेंबर १८०३. केळणा नदी ओलांडून मराठी सैन्याच्या बगलेवर जायचे होते, आणि वेलस्लीच्या बरोबरचे वाटाडे एकमुखाने सांगत होते की तिथे उतार नाही. वेलस्लीने दुर्बिणीतून पाहिले तेव्हा नदीच्या दोन तीरांवर पिंपळगाव आणि वरूड ही गावे समोरासमोर दिसली. एवढी जवळची गावे एकमेकांकडे ये-जा केल्याशिवाय राहणार नाहीत, म्हणजे उतार असणारच, असा तर्क त्याने केला. उतार निघाला. पुढचे सर्वश्रुत आहे.

लष्करी इतिहासकार हा प्रसंग वेलस्लीच्या कुशाग्रतेचा दाखला म्हणून सांगतात. उलट बाजूने पाहावे. त्या मुलखातल्या कोणाला तो उतार माहीत नसेल, हे पटण्यासारखे आहे काय? परक्या फौजेला पाण्यातली वाट दाखवायची की नाही, हा निर्णय कोणीतरी केलाच असणार. ज्ञान हातात असणे आणि ते कोणाला द्यायचे हे ठरवता येणे, या दोन गोष्टी एकत्र असल्या तरच माणूस वाटाड्या असतो. एरवी तो केवळ पुढे चालणारा हमाल.

छावणीला डोंगरातल्या माणसांची भीती वाटे. ती भीती किती आंधळी होती याचा पुरावा खुद्द हिंगोलीत आहे. फिलिप मेडोज टेलर याची ठगांवरची प्रसिद्ध कादंबरी १८३९ मध्ये लंडनला निघाली. तिच्या प्रस्तावनेत त्याने हरिसिंग नावाच्या माणसाची हकिकत दिली आहे. हा हरिसिंग हिंगोली छावणीतला प्रतिष्ठित व्यापारी. स्वतः टेलरने त्याच्याशी देवघेव केलेली. एकदा त्याने मुंबईहून कापड आणण्यासाठी कॅप्टन रेनॉल्ड्सकडे परवाना मागितला. हिंगोलीजवळच्याच एका गावचा व्यापारी तसेच कापड घेऊन येत आहे, याची त्याला खबर होती. त्याने त्या व्यापाऱ्याचा, त्याच्या नोकरांचा आणि गाडीवानांचा खून केला, माल सरकारी परवान्यावर छावणीत आणला आणि उघड्या बाजारात विकला. पुढे पकडला गेल्यावर त्याने आपणहून सांगितले नसते, तर हे कधी उजेडात आले नसते.

सरकारी शिक्क्याचा परवाना खुन्याच्या खिशात होता. आणि त्याच काळात ‘संशयित’ ठरत होते कोण? तर वाटांवर राहणारे, वाटा जाणणारे, वाटांवर पोट भरणारे.

बंजाऱ्यांचा इतिहास तर याहून बोलका आहे. बैलांच्या पाठीवर धान्य आणि मीठ लादून दख्खनभर फिरणाऱ्या या तांड्यांवाचून अठराव्या शतकातली कोणतीही फौज हलत नसे. मुघलांची नाही, मराठ्यांची नाही, कंपनीचीही नाही. कॅप्टन जॉन ब्रिग्ज याने १८१९ मध्ये त्यांच्यावर एक निबंधच प्रसिद्ध केला, तो काही कुतूहलापोटी नव्हे. नंतर पक्क्या सडका आल्या, आगगाडी आली, आणि बैलांचा व्यापार बुडाला. काम संपताच त्याच समाजावर गुन्हेगार जमातीचा शिक्का मारण्यात आला. १८७१ च्या कायद्याच्या धर्तीवर निजामी राज्यातही तशी यंत्रणा उभी राहिली. तो शिक्का ३१ ऑगस्ट १९५२ रोजी पुसला गेला असे म्हणतात. हिंगोलीच्या एखाद्या तांड्यावर जाऊन विचारले तर उत्तर वेगळे मिळू शकेल. आज त्याच तांड्यांवरची कुटुंबे दरवर्षी ऊसतोडीला पश्चिम महाराष्ट्राकडे जातात. ज्यांनी एके काळी सारा दख्खन चालून पालथा घातला त्यांना ‘जगापासून तुटलेले’ म्हणण्यासाठी विशेष प्रकारचे अज्ञान लागते.

आता आंध. या थ्रेडचा मुख्य विषय तोच.

रसेल आणि हिरालाल यांच्या १९१६ च्या ग्रंथात आंधांवर एक टिपण आहे. त्यात वरताटी आणि खालताटी असे दोन विभाग दिले आहेत आणि जमातीचे नाव आंध्र देशाशी जोडले आहे. सय्यद सिराज उल हसन यांनी १९२० मध्ये निजामाच्या राज्यातील जातिजमातींची जंत्री केली, तीतही आंध आहेत. नामसाधर्म्यावरून आंधांना सातवाहनांचे थेट वंशज ठरवणारे मजकूर अधूनमधून फिरत असतात. ते टाळावेत. दोन हजार वर्षांची वंशावळ एका उच्चारावर उभी राहत नाही, आणि आंधांना सन्मान मिळण्यासाठी ती लागतही नाही.

आंध मराठी बोलतात. शेती करतात, पूर्वी ज्वारी, आता सोयाबीन, तूर, हळद. पोशाख आजूबाजूच्या कुणब्यासारखा. म्हणजे छायाचित्रात ते ‘आदिवासी’ दिसत नाहीत. आणि इथेच सगळे बिघडते.

१९४० मध्ये आदिलाबाद जिल्ह्यातील जोडेघाटला गोंड नेते कोमाराम भीम निजामी पोलिसांच्या गोळीबारात मारले गेले. निजाम सरकार हादरले. त्यानंतर ख्रिस्तोफ फॉन फ्युरर-हायमेंडॉर्फ या मानवशास्त्रज्ञाला त्या भागाचा अभ्यास करण्यास नेमले गेले. ‘आदिलाबादचे राजगोंड’ हा त्याचा ग्रंथ १९४८ चा. त्याच्या कामातून गोंड-कोलामांच्या जमिनींना संरक्षण मिळाले, शाळा निघाल्या. हे श्रेय नाकारण्याचे कारण नाही. पण त्यातून एक चित्रही पक्के झाले. हैदराबाद राज्यातला आदिवासी म्हणजे गोंडीसारखी वेगळी भाषा, वेगळी दैवते आणि दाट जंगल. १९५० मध्ये राष्ट्रपतींच्या आदेशाने हैदराबाद राज्यातील अनुसूचित क्षेत्रे जाहीर झाली तेव्हा आदिलाबाद त्यात आले. किनवट तेव्हा आदिलाबादेत होते. परभणी जिल्हा त्यात नव्हता, आणि हिंगोली-कळमनुरी तेव्हा परभणीत.

१९५६ मध्ये राज्यांची पुनर्रचना झाली. किनवट नांदेडमध्ये आले आणि आपले अनुसूचित क्षेत्र सोबत घेऊन आले. १९८५ च्या महाराष्ट्रासाठीच्या आदेशानेही ती रेघ जवळपास तिथेच ठेवली. परिणाम असा की, किनवटच्या अनुसूचित गावातला आंध १९९६ च्या पेसा कायद्याखालील ग्रामसभेत बसतो, आणि कळमनुरीच्या डोंगरातला आंध बसत नाही. जमात एक, भाषा एक, सोयरिक चालते. कायदा मात्र दोन. कळमनुरीला एकात्मिक आदिवासी विकास प्रकल्पाचे कार्यालय आहे. म्हणजे योजनांसाठी तिथे आदिवासी आहेत, ग्रामसभेच्या अधिकारांसाठी नाहीत.

मग १९६५. अनुसूचित जमातींच्या याद्या तपासण्यासाठी केंद्र सरकारने नेमलेल्या लोकूर समितीने जमात ओळखण्याच्या पाच खुणा सांगितल्या : आदिमपणाची लक्षणे, वेगळी संस्कृती, भौगोलिक एकाकीपणा, इतरांशी संपर्काचा बुजरेपणा, आणि मागासलेपण.

ही यादी आता ट्रेकच्या पत्रकाशेजारी ठेवून वाचावी. ‘काळ थांबलेले गाव’ म्हणजे आदिमपणा. ‘आगळीवेगळी संस्कृती’ जशीच्या तशी. ‘दुर्गम वाडी’ म्हणजे भौगोलिक एकाकीपणा. ‘लाजाळू, निर्मळ माणसे’ म्हणजे बुजरेपणा. ‘साधे जीवन’ म्हणजे मागासलेपण, फक्त सुट्टीच्या दिवशी पाहिलेले. साठ वर्षांपूर्वीचा सरकारी अहवाल रंगीत छायाचित्रांसह परत छापला जात आहे, आणि छापणाऱ्याला त्याचा पत्ता नाही.

या खुणांची किंमत प्रत्यक्षात कोण मोजतो, तेही पाहावे. १९९४ च्या माधुरी पाटील खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने जमातीचे दाखले तपासण्याची पद्धत घालून दिली. दक्षता पथकाने कुटुंबाची दैवते, विधी, लग्नाची रीत, मर्तिकाची रीत, प्रेत पुरण्याची पद्धत यांची चौकशी करायची. हीच ती आप्तभाव चाचणी, अ‍ॅफिनिटी टेस्ट. खोटे दाखले रोखणे हा हेतू योग्यच होता. बनावट दाखल्यांनी खऱ्या आदिवासींच्या जागा खाल्ल्या आहेत, हे महाराष्ट्रात कोणी नाकारू नये. पण त्याचा दुसरा अर्थ असा की, हिंगोलीच्या वसतिगृहात वाढलेल्या, विज्ञान शिकलेल्या मुलीने आपल्या आजीच्या देवाचे नाव आणि तिच्या मयताचा विधी बिनचूक सांगायचा. चुकली तर ती आदिवासी असण्यावरच शंका. शिकणे हाच पुरावा विरोधात जातो.

२०११ मध्ये आनंद विरुद्ध छाननी समिती या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की स्थलांतर, आधुनिकता आणि इतर समाजांशी संपर्क यांमुळे जुन्या रीती पुसट होऊ शकतात, म्हणून ही चाचणी अंतिम कसोटी मानता येणार नाही. मार्च २०२३ मध्ये, ठाकूर जमातीच्या संघटनेने नेलेल्या प्रकरणात, तीन न्यायाधीशांच्या पीठाने तेच पुन्हा ठामपणे मांडले. न्यायालयाला जे उमगले ते डोंगरभटकंतीच्या धंद्याला अजून उमगलेले नाही. तिथे अजूनही ‘अस्सल’ आदिवासी हवा आहे, आणि अस्सल म्हणजे तीस-चाळीस वर्षांपूर्वीच्या छायाचित्रातला.

यजमानाला ही मागणी लवकर कळते. मग कौलांवर बसवलेली दूरचित्रवाणीची तबकडी पाहुण्यांच्या आधी उतरवली जाते. मुलाला मोबाइल आत ठेवायला सांगितले जाते. सणाला, ठरलेल्या तिथीला, ठरलेल्या कारणासाठी होणारा नाच शनिवारी रात्री साडेआठला होतो. आणि चुलीवरच्या भाकऱ्या? वीस माणसांच्या भाकऱ्या घरातली बाई थापते, पाणी तीच आणते, आणि पत्रकातल्या ‘आदिवासी अनुभवा’त तिचा उल्लेख ‘मायेचा हात’ असा येतो. मजुरीचा दर येत नाही.

‘म्हणजे गावाला चार पैसे मिळूच नयेत?’ असा प्रश्न यावर येतो. प्रश्न रास्त आहे. ज्या घरातली दोन माणसे सहा महिने कोयता घेऊन परमुलखात असतात, तिथे महिन्याला दोन-चार पाहुण्यांचे पैसे ही थट्टेची गोष्ट नाही. शासनाचे कृषी पर्यटन धोरण २०२० पासून आहे. अकोले तालुक्यातल्या पुरुषवाडीत गावात मुक्कामाचा प्रयोग बरीच वर्षे चालू आहे. नेपाळातल्या सिरुबारीत गुरुंग लोकांनी १९९७ च्या सुमारास असा मुक्काम सुरू केला तेव्हा पाहुणा कोणत्या घरी जाणार हे गावाची समिती पाळीने ठरवत असे. पाहुण्याने घर निवडायचे नाही. बारीकसा नियम, पण त्याने घरांची आपसातली स्पर्धा टळते आणि ‘जास्त अस्सल दिसणारे घर’ हा प्रकारच उरत नाही.

आक्षेप मुक्कामाला नाही. आक्षेप संहितेला आहे.

हिंगोली जिल्ह्याला तर याचा शतकांचा सराव आहे. शेगावची गजानन महाराजांची पालखी पंढरपूरला जाताना विदर्भातून सेनगावकडे उतरते आणि नर्सी नामदेव, औंढा नागनाथ असे मुक्काम करत परभणीकडे जाते. शेकडो माणसे, महिनाभराची वाट, गावोगावी जेवण, पाणी, रात्रीचा आसरा. चढउतार आहेत, वाट दाखवणारे आहेत, पाहुणचार आहे. तरीही एक फरक आहे. वारकरी यजमानाला बघायला आलेला नसतो. तो कुठेतरी जातो आहे आणि यजमान त्याच्या वाटेवर आहे. यजमानाचे घर पत्र्याचे की स्लॅबचे, यावर त्याची यात्रा सफल की विफल हे ठरत नाही. (पंगतीतल्या जातींचा हिशोब हा वेगळा विषय आहे, आणि तोही गुळगुळीत नाही.) ज्या नामदेवांचे नाव नर्सीला चिकटले आहे ते पायी पंजाबपर्यंत गेल्याचे परंपरा सांगते, त्यांनी तिकडच्या माणसांना ‘अस्पर्शित’ म्हटल्याचे कुठे ऐकिवात नाही.

आता या सगळ्यात आणखी एक निकड आली आहे. २ सप्टेंबर २०२५ च्या शासन निर्णयानंतर हैदराबाद गॅझेटियर हा शब्द मराठवाड्याच्या घराघरांत पोहोचला. मराठा-कुणबी नोंदींसाठी तो आधार मानला गेला, लगोलग बंजारा समाजाने जमातीच्या मागणीसाठी त्याचाच हवाला दिला, आणि आदिवासी संघटना विरोधात रस्त्यावर आल्या. मोर्चे निघाले, हिंगोलीतही निघाले. कोणाची मागणी योग्य, याचा निवाडा थ्रेडमध्ये होत नसतो. पण शंभर वर्षांपूर्वी एखाद्या अधिकाऱ्याने एखाद्या समाजाचे वर्णन कोणत्या शब्दांत केले, यावर आज नोकऱ्या आणि प्रवेश ठरू पाहत आहेत. अशा वेळी आदिवासींविषयी सैल, सजावटी, अर्धवट शब्द छापणे ही हौस राहत नाही. उद्याचा कोणी ते पुरावा म्हणून पुढे करील.

म्हणून हिंगोलीच्या डोंगरांत उद्या खरोखरच मुक्कामाच्या सहली सुरू झाल्या, तर त्यांना काही गोष्टी विचारल्या पाहिजेत. वाटाड्या स्वतः बोलतो, की पुण्याहून आलेला ट्रेक लीडर त्याच्या देखत त्याच्या आजोबांची गोष्ट सांगतो? त्या गोष्टीत नोवसाजी नाईक आहे का, वेठ आहे का, १९५० ची रेघ आहे का, की फक्त हेमाडपंती देऊळ आणि सूर्योदय? दर गावाने ठरवला, की गावाला कळवला? आणि ‘नाच होणार नाही’ असे गाव म्हणाले, तर सहल रद्द होते की नाही?

पेसा लागू नाही म्हणून गावाच्या हातात काहीच नाही, असे मात्र नाही. २००६ चा वनहक्क कायदा अनुसूचित क्षेत्राची अट घालत नाही. तो हिंगोलीतही लागू आहे. त्याखाली गावाला आपल्या वापरातल्या जंगलावर सामूहिक हक्काचा दावा करता येतो, आणि त्याची सुरुवात ग्रामसभेतूनच होते. असा दावा मंजूर असलेल्या रानातून सहल न्यायची असेल तर आधी ग्रामसभेशी बोलावे लागेल, दलालाशी नव्हे. दाव्यासाठी पुरावा म्हणून जुने सरकारी दस्त चालतात, गॅझेटियर आणि जनगणनेच्या नोंदी चालतात, आणि गावातल्या वयस्क माणसांचे लिहून घेतलेले जबाबही चालतात : पाणवठा कोणता, गुरांची वाट कोणती, मोहाची झाडे कोणाची, देवाचे ठाणे कुठे. ज्याला ‘वाटाड्या समाविष्ट’ या दोन शब्दांत गुंडाळले जाते, त्याला हे सगळे तोंडपाठ असते. सुट्टीत डोंगर चढायला निघणाऱ्या इतिहासाच्या विद्यार्थ्यांनी सोबत एक वही न्यावी आणि त्याने सांगितलेले त्याच्या शब्दांत, त्याच्या नावाने, ग्रामसभेसाठी लिहून द्यावे. कळमनुरी तालुक्यापासून सुरुवात करता येईल.